एक जून

आईचा चेहरा एकदा डोळे भरून पाहायचा, एवढीच धोंडीरामची इच्छा होती. त्याला जन्म देऊन ती त्याच दिवशी गेलेली. पंचवटीतल्या दुकानात काम करणाऱ्या रोशनीनं त्याच्या आधारकार्डावरची जन्मतारीख नि त्याचं गाव, माणसाला मागच्या काळात नेणाऱ्या काळवाटाड्या यंत्रात भरलं. "बाबा, पाचच मिनिटं हं." यंत्र म्हणालं, "एक जून १९५७, हरसूल. आपण पोहोचलात." झोपडीपुढं एक पोटुशी बाई नागली पाखडत बसली होती. तेव्हा त्याला आठवलं, शाळेत मास्तरांनी सगळ्याच पोरांची जन्मतारीख एक जून लिहिली होती; त्याचा खरा जन्म अजून व्हायचा होता. "कोण पायजे, बाबा?" तिनं विचारलं. तो अडखळला, "वाट चुकलो." "घरी कोणी नाय?" "नाय." "मंग बसा. भाकर टाकते," म्हणत ती आत गेली. भाकर थापल्याचा आवाज ऐकत तो उंबऱ्याशी बसला, तोच यंत्र बोललं, "परतीची वेळ झाली." "भेटली का आई?" दुकानात परतताच रोशनीनं विचारलं. "जेवून जा म्हणाली."