दीक्षाची भूमिका

"कॅमेरा शोधायचा न्हाई, ताई," सोमेश्वरने दारातच पुन्हा बजावलं. "दडवलेला हाय. मायकडंच बघा."

पल्लवीने मान हलवली. तिला हे नवं नव्हतं. संहिता नाही, मेकअप नाही, रिटेक नाही, असल्याच सिनेमांत तिची उमेदीची वर्षं गेली होती. पुण्यात एखाद्या लहानशा दालनात ते दाखवले जात, निम्म्या खुर्च्या रिकाम्या राहत. सोमेश्वरचा हाही सिनेमा पडला तर अभिनय सोडून भावाच्या दुकानात बसायचं, असं तिने घरी कबूल केलं होतं.

गोरेगावच्या या पत्र्याच्या घरात ती कालपासून दीक्षा होती. मनाने लग्न केलं म्हणून आईने हाकललेली, आता परतलेली लेक. आई अंथरुणाला खिळलेली. "तिचा जीव लेकीत अडकलाय," एवढाच प्रसंग सोमेश्वरने सांगितला होता. "पुढचं तुमच्या मनानं."

म्हातारी धुरपताबाई त्याने कुठून शोधून काढली कोण जाणे. मोतीबिंदूने पांढरे पडलेले डोळे, हात चाचपत राहण्याची ती लकब. पल्लवीला तिचा हेवा वाटत होता. असं काम कुठल्या शाळेत शिकवत नाहीत.

शेजारची शकुबाई वाटीत पाणी घेऊन आली.

"लई वाळली गं दीक्षे. पुण्यात भाकर भेटत न्हाई व्हय?" असं म्हणून ती हसली आणि लगेच पदर डोळ्यांना लावून वळली. हीसुद्धा कसलेली.

"दीक्षे, हायेस का?" म्हातारीने विचारलं.

"हाय, माय."

"मी लई वंगाळ वागले तुझ्यासंगं." श्वास लागला, ती थांबली. "माफ केलंस का, लेकरा?"

सोमेश्वर पुढे सरकला.

पल्लवीला सोपं उत्तर समोर दिसत होतं. धंदेवाईक सिनेमातली लेक इथे होय म्हणते, गळ्यात पडते, मागून बासरी वाजते. त्याच उत्तराला नकार देत ती इथवर आली होती. तिने म्हातारीच्या मुठीतून आपला हात हळूच सोडवून घेतला.

"न्हाई, माय."

शकुबाईच्या हातातली वाटी कलंडली. म्हातारीचे ओठ बराच वेळ हलत राहिले.

"बराबर हाय," ती शेवटी म्हणाली आणि तिने भिंतीकडे तोंड केलं. खांदे दोनदा वर आले. तिसऱ्यांदा आले नाहीत.

शकुबाईने हंबरडा फोडला. सोमेश्वर म्हातारीच्या पायांवर कोसळला. पल्लवी जागची हलली नाही. आपल्या हातून आज काय घडलंय, हे तिला पक्कं कळत होतं. हे दृश्य तिला दुकानात बसू देणार नव्हतं.

कोणीच 'कट' म्हणेना, तेव्हा ती हलकेच म्हणाली, "सोमेश्वर, नीट टिपलं गेलं ना?"

त्याने मान वर केली.

"कॅमेरा न्हवताच, ताई. ही माझी माय. दीक्षाताई कवाच वारली, हिला सांगितलं न्हवतं. तुमी निस्तं व्हय म्हणायचं होतं."