ताटली फोडायचा मान

ताटली आग्नियाच्या हातात होती आणि ती फोडायला तयार नव्हती. यारोस्लाव्हलबाहेरच्या एका लाकडी घरापुढे, वितळत्या बर्फाच्या चिखलात, चाळीस माणसं तिच्याकडे बघत उभी होती. पांढऱ्या ताटलीवर काळ्या शाईने चित्रपटाचं नाव आणि सगळ्यांची नावं लिहिलेली. पहिल्या दिवशी ती कॅमेऱ्याच्या स्टँडवर आपटायची, प्रत्येकाने एकेक तुकडा खिशात घालायचा, मग काम सुरू. अंधश्रद्धा म्हणा हवं तर. पण ताटली न फोडता कॅमेरा चालू करणारा माणूस आमच्याकडे अजून जन्माला यायचाय.

हा मान खरं तर दिग्दर्शकाचा. रोदिओन लुत्स्कीच्या चित्रपटांत मात्र तो लेखकाला मिळतो. रोदिओनने स्वतः वीस वर्षं पटकथा लिहिल्या. त्या वीस वर्षांत पहिल्या दिवशी त्याला कोणी बोलावलंसुद्धा नाही, आणि त्याच्या पानांवर कात्री चालवायची मात्र ज्याला त्याला घाई. शेवटी वैतागून तो स्वतःच निर्माता झाला. लोक त्याला लेखकांचा निर्माता म्हणतात आणि ते ऐकून त्याची छाती फुगते. खोटं कशाला बोला, आम्हालाही तो तसाच वाटायचा.

"आग्निया, फोड ना," तो म्हणाला. "उजेड जाईल."

"शेवटचं दृश्य कोणी बदललं?"

त्याच दिवशी तेच दृश्य घ्यायचं होतं, कारण अंगणातला बर्फ आठवडाभरही टिकला नसता. आग्नियाच्या पटकथेत मुलगी बारा वर्षांनी घरी येते, दार ठोठावते, आई आतून तिचा आवाज ओळखते आणि उठत नाही. सकाळी सगळ्यांना वाटलेल्या प्रतीत आई उठून दार उघडत होती.

"मी बदललं," रोदिओन म्हणाला. "आणि चांगलं लिहिलंय."

"चांगलंच लिहिलंयस मेल्या, तीच तर पंचाईत आहे! बाकीचे निर्माते नुसतं कापायचे. त्यांना लिहिता येत नव्हतं, हे आमचं नशीब."

दोघं चित्रपट संस्थेत एका वर्गात होती. पस्तीस वर्षांची ओळख. त्याला असं चारचौघांत बोलायची हिंमत तिचीच.

"लोक रडतील, आग्निया. बाहेर पडताना आईला फोन करतील."

"माझ्या आईने दार उघडलं नव्हतं." ती हळूच म्हणाली, पण सगळ्यांना ऐकू गेलं. "आयुष्यात तेवढं एकच खरं लिहिलंय मी. ते नको असेल तर ताटलीवरचं माझं नाव पुसून टाक."

कोणी कोणाकडे बघेना. रोदिओनने चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. एवढ्या वर्षांत हे तिने त्याला कधी सांगितलं नव्हतं. त्याला फार वाईट वाटलं.

"मला हे ठाऊक असतं तर..."

"ठाऊक कशाला असायला हवं? लिहिलं होतं ना मी?"

आग्नियाने ताटली काखेत धरली. आता तिचा आवाज निवळला होता.

"तुझे नऊच्या नऊ चित्रपट पाहिलेत मी, रोद्या. लेखक नऊ. पण शेवटी प्रत्येकात कोणीतरी दार उघडतंच. घराचं, तुरुंगाचं, एकदा तर रेल्वेच्या डब्याचं. कुणाचं दार आहे रे ते?"

रोदिओन हसायला गेला. मग मनाशी एकेक चित्रपट आठवू लागला. चौथ्या-पाचव्याला त्याचा चेहरा उतरला. पुढचे आठवायची त्याला गरजच पडली नाही.

तो दिग्दर्शकाकडे वळला.

"तिखोन, शेवटची चार पानं सगळ्यांकडून परत घे. जुनी वाटून टाक."

"का हो, रोदिओन सावेल्येविच? चांगली होती की!"

"ती या चित्रपटाची नाहीत. तीस वर्षांपूर्वी माझ्या पहिल्या पटकथेतून कापली होती. तेव्हापासून बिचारी जागा शोधतायत."