आईच्या पायांवर

आई मोरीत पाटावर पाय लांब करून बसली, साडी गुडघ्यांपर्यंत सारली आणि नडग्यांवर थाप मारत म्हणाली, “दे इकडे त्याला.”

हेमांगीने बाळाला छातीशी कवटाळलं. डॉक्टर म्हणाले होते, आधी नावं जातील, मग माणसं, शेवटी हातातली कामंसुद्धा. हेमांगी आपली लेक, हे तर आई कधीच विसरली होती. हल्ली तिला घासही भरवावा लागे. पण न्हाऊ घालणाऱ्या बाई आज आल्या नव्हत्या आणि बाळ रडून लालबुंद झालं होतं. जीव मुठीत धरून हेमांगीने त्याला आईच्या पायांवर ठेवलं. स्वतःचे हात मात्र काढले नाहीत.

आईने ते बाजूला सारले. कोपर बुडवून पाणी पाहिलं, गार पाण्याचं विसण घातलं. कपाळाला आडवा तळवा धरून असं पाणी सोडलं, की डोळ्यांत थेंब गेला नाही. बाळ गप्प झालं. गाभाऱ्यासमोर उभी असल्यासारखी हेमांगी बघत राहिली.

बाळ गुंडाळून परत देताना आई तिच्यावर डाफरली, “ओली बाळंतीण ना तू? कान बांध आधी! तुझी आई नाही का आली बाळंतपणाला?”

“आलीय,” ओढणी कानांवरून घेत हेमांगी म्हणाली. “आत्ताच आली.”