पांढरा पडदा

ओनोमिची बंदरातल्या थिएटरात तोमेजी पडद्याशेजारी उभा राहून मुक्या सिनेमातल्या सगळ्यांचे संवाद बोलायचा. त्या आठवड्यातल्या सिनेमात सामुराई शेवटी वीस जणांशी एकटा लढत मरायचा आणि थिएटर रडायचं. सहाव्या दुपारी ऐन लढाईत यंत्रात रिळाच्या चिंध्या झाल्या. “आता पांढरा पडदा बघायचा का?” लोक ओरडले. पहिल्या रांगेतून मालिश करणारी आंधळी ओशिगे आजी कडाडली, “गप्प बसा रे! मला कधी दिसलाय सिनेमा? तोमेजी, तू बोल!” तोमेजीनं घसा खाकरला. आज त्याला अडवायला चित्र नव्हतं. त्यानं सामुराईकडून वीसही जणांना लोळवलं, त्याला बर्फातून घरी नेलं, बायकोच्या हातचा गरम भात खाऊ घातला. टाळ्या थांबेनात. डोळे पुसत आजी म्हणाली, “पाच दिवस मेला रोज मरत होता. आज जेवला बाई एकदाचा!”