घडीत गेलेला ओढा

“नशीब हा शब्द या वर्गात चालणार नाही,” कर्नलसाहेब म्हणाले, आणि पोरांनी तेवढंही वहीत उतरवून घेतलं.

निवृत्त होऊन बारा वर्षं झाली, तरी प्रशिक्षण केंद्रात दरवर्षी हे व्याख्यान त्यांचंच. विषय ठरलेला : थोर सेनापती जिंकले कशामुळे? हत्तींसकट बर्फाचे डोंगर ओलांडणारा झाला, मूठभर स्वारांनिशी मुलुखच्या मुलुख पालथे घालणारा झाला. “कुणाकडे माणसं कमी, कुणाकडे दाणागोटा कमी. पण जमीन प्रत्येकाला वाचता यायची. आणि आपलं कोण माणूस कुठे उभं आहे, हे त्यांना झोपेतून उठवून विचारलं तरी सांगता यायचं. बाकी सगळ्या गप्पा.”

मग ते स्वतःच्या, टेकडी जिंकलेल्या लढाईवर आले. फळ्यावर तेव्हाचा त्यांचा नकाशा टाचण्यांनी लावला होता, घड्या पडून पडून विरलेला. त्याच्याच प्रती पोरांपुढे. समोरून एक तुकडी चढली, शत्रूचं सगळं लक्ष तिकडे, आणि साहेबांची तुकडी मागून वर! केंद्राच्या पाठ्यपुस्तकात या डावावर अख्खं प्रकरण आहे. पदक तर आहेच.

यंदा मात्र साहेब अडखळत बोलत होते. पहिल्या रांगेत त्यांचा जुना वायरलेसवाला होता ना! केंद्राने हौसेने त्याला पाहुणा म्हणून बोलावलं होतं, आणि साहेबांना ते दारात पाहिल्यावरच कळलं. म्हातारा इस्त्रीचा सदरा घालून, हाताची घडी घालून गुमान ऐकत होता.

त्या पहाटेचं खरं काय ते या दोघांनाच ठाऊक. नकाशा खिशात मावावा म्हणून साहेबांनी तो दुमडला आणि नेमका एक ओढा घडीत गेला. अंधारात ते भलत्याच ओढ्याकाठी वळले. मागची माणसं मुकाट चालत राहिली. साहेब नेताहेत म्हणजे बरोबरच असणार. खरं तर दोन्ही तुकड्यांनी समोरूनच, एकदम चढायचं ठरलं होतं. समोरची वेळेवर चढली, एकटीच. वायरलेसवर सारखी विचारत होती, ‘कुठे आहात? कुठे आहात?’ काय सांगावं ते सुचेना, तेव्हा साहेब म्हणाले, ‘बंद कर तो संच.’ दोन तास भरकटून ते दिसेल त्या चढाने वर गेले, तर निघाले शत्रूच्या पाठीमागे. तोवर समोरच्या तुकडीतले अकरा जण गेले होते. डाव कसला डोंबलाचा, सरळ वाट चुकली होती.

दुसऱ्या बाकावरची एक मुलगी उठली.

“सर, हा डाव समोरच्या तुकडीला आधी सांगितला का नव्हता? ते तुमची वाट बघत असतील ना?”

इतक्या वर्षांत हे कुणी विचारलं नव्हतं. साहेबांनी पाण्याचा ग्लास उचलला आणि तसाच खाली ठेवला. एकदाचं बोलून मोकळं व्हावं, असं त्यांना मनापासून वाटलं. तोंड उघडलंसुद्धा. तोच वायरलेसवाला उभा राहिला.

“मी सांगतो, मॅडम. वायरलेस शत्रूही ऐकत असतो. साहेब म्हणाले, संच बंद ठेव. मी ठेवला. म्हणून तर टेकडी मिळाली.”

टाळ्यांचा कडकडाट झाला. मुलगी ओशाळून खाली बसली.

चहाच्या वेळी साहेबांनी त्याला व्हरांड्याच्या टोकाला गाठलं.

“खोटं कशाला बोललास?”

“संच बंद ठेवला, यात खोटं काय साहेब?”

“शब्दांत पकडू नकोस मला. मी आज सांगणार होतो सगळं.”

“दिसलं मला. म्हणूनच उठलो.” त्याने कप कठड्यावर ठेवला. “संचावर ‘कुठे आहात’ विचारत होता ना, तो आमचा धाकटा. माझा मावसभाऊ. त्या अकरा जणांतलाच. आवाज ओळखला होता मी.”

साहेबांना हे माहीत नव्हतं. तीन वर्षं हा माणूस संच पाठीवर घेऊन त्यांच्या मागे दोन पावलांवर चालला होता, आणि त्याचं कोण कुठे आहे हे त्यांनी कधी विचारलंच नव्हतं.

“मावशी अजून आहे,” तो म्हणाला. “नव्वदीची झाली. तिला मी सांगितलंय, तुझ्या पोरामुळे टेकडी आली. तेवढ्यावर जगली बाई. पुस्तकातलं ते पान त्याच्या फोटोखाली चिकटवलंय तिने. आता काय सांगू तिला? साहेबांनी नकाशा दुमडला होता?”

साहेबांचे कान तापले. मेल्याहून मेल्यासारखं झालं. माफी मागायलाही तोंड उरलं नव्हतं, आणि कोटावरचं पदक सगळ्या व्हरांड्याला दिसत होतं.

“ती आहे तोवर थांबा, साहेब. तुमचं मन मोकळं करायला नंतर बक्कळ वेळ आहे.” त्याने कप उचलला. चहा गार झाला होता, तरी त्याने तो संपवला.

तेवढ्यात ती प्रश्नवाली मुलगी धावत आली. हातात नकाशाची प्रत होती, दुमडून दुमडून तळहाताएवढी केलेली. “सर, मघाशी चुकलं माझं. यावर सही द्याल?”

साहेबांनी पेन काढलं. ते नेमकं घडीवर टेकलं.

“तिथे नको सर,” ती म्हणाली, “घडीत जाईल. कुणाला दिसणारच नाही.”