कुळातला आळस

डॉक्टरबाईंनी दोन कागद टेबलावर शेजारी शेजारी ठेवले आणि सांगितलं, की यांतला एक कागद खोटं बोलतोय.

रखमाबाईंनी पदर सावरला. संध्याकाळचे साडेसहा झालेले. कोपरीहून दवाखाना रिक्षाने दहा मिनिटांवर; पण रिक्षातून उतरून खुर्चीपर्यंत यायला त्यांना तेवढाच वेळ लागलेला. मुलगा महेंद्र दारातून "आई, चल ना गं" करत होता. त्याच्या मुलीला, कृतिकाला, मात्र कुणी घाई केली नाही. तिचा उजवा पाय नववीपासून आत वळायचा. आता ती एकोणीस वर्षांची होती, आणि येत्या सोमवारी हाडांचे सर्जन घोट्याजवळची स्नायूची दोरी कापून तिचं पाऊल सरळ करणार होते.

पहिला कागद प्रयोगशाळेचा. कृतिकाच्या एका जनुकात एक अक्षर बदललेलं सापडलं होतं. असा बदल याआधी कुणात नोंदलेला नव्हता, त्यामुळे तो दोषी की निर्दोष हे कुणालाच सांगता येईना. मग प्रयोगशाळेतल्यांनी तेच बदललेलं अक्षर काचेच्या ताटलीतल्या पेशींत घातलं आणि पाहत बसले. मेंदूतलं जे रसायन पायांना चालायचा हुकूम पोचवतं, ते बनायला जे लागतं, तेच तयार करणं या पेशींना जेमतेम जमत होतं. कृतिकाचा पाय यामुळेच वळत असेल, तर सुरीची गरजच नव्हती. रोजची छोटीशी गोळी पुरली असती.

दुसरा कागद घरच्यांचा. तेच अक्षर महेंद्रमध्ये होतं. पुरुषांत ते बरेचदा झोपूनच राहतं, बाई म्हणाल्या. त्याला ते आईकडून आलेलं. आणि आईच्या नावापुढे, 'आजार' या रकान्यात, महेंद्रने स्वतःच्या हाताने लिहिलं होतं: काही नाही.

पेशी म्हणतात बदल वाईट, आणि सत्तरीच्या आजी ठणठणीत. अशाने मी सर्जनना थांबा कोणत्या तोंडाने सांगू, असं बाईंचं म्हणणं. त्यांनी पुन्हा विचारलं, आजींना खरंच कधी काही त्रास नव्हता?

"आईला?" महेंद्र हसला. "आळस सोडून आईला काही झालेलं नाही, मॅडम."

कृतिकाही हसली. रखमाबाईंचे यजमान धोंडीबा तेवढे हसले नाहीत.

हा आळस घरात सगळ्यांना पाठ होता. तरुणपणी रखमाबाई सकाळी मिठागरावर दोन बायांचं मीठ एकट्या वाहायच्या. दिवेलागणीला मात्र ओट्यावर बसल्या की बसल्या. चूल जावेने पेटवायची, पाणी सासूने आणायचं. लग्नाच्या पहिल्याच वर्षी सासू कडाडली, तेव्हा त्या सांगणारच होत्या, की पाय लाकडाचे झालेत, उचलत नाहीत. तोंड उघडलं, तेवढ्यात नवराच बोलून गेला, की आये, ही जात्याच आळशी हाय, तू नको नादाला लागू. जाव तोंडाला पदर लावून हसली. त्या दिवसापासून रखमाबाईंनी पायांचं नाव काढलं नाही. आळशी तर आळशी. सकाळी उठावं तर पाय पुन्हा पोरीसारखे. मग त्यांनाही वाटायला लागलं, असेल बाई, आळसच असेल. संसार सगळा झाला, सुखाचाही झाला. फक्त नवऱ्याचं ते एक वाक्य पन्नास वर्षं माफ झालं नाही.

बाईंनी फाइल मिटली. कृतिका चपला पायात सरकवू लागली. उजवी काही जाईना. शेवटी तिने वाकून हाताने घातली. रखमाबाई ते बघत राहिल्या.

"थांबा बाई," त्या म्हणाल्या. "मी चालून दावते."

खुर्चीपासून वजनकाट्यापर्यंत सहा पावलं. दुसऱ्याच पावलाला पाय आत वळला, टाच टेकेना. तिसऱ्याला आधारासाठी हात बाजूला गेला, आणि धोंडीबांचा खांदा आधीच तिथे होता. महेंद्रचं हसू कुठल्या कुठे गेलं. बाईंनी विचारलं, सकाळीही असंच? सकाळी नाही. दुपारी झोप झाली तर? मग जरा बरं. कधीपासून? न्हाण आलं तेव्हापासून.

कृतिकाचा पाय दिवसभर सारखाच वाकडा, म्हणून आजाराची खूण पटत नव्हती. आजीचं सगळं घड्याळ लावल्यासारखं होतं. दिवसभरात त्या रसायनाचा साठा संपतो आणि झोपेत पुन्हा भरतो, असं बाई समजावायला लागल्या. मिठागरावर उमेदीची वर्षं घातलेल्या बाईला भरती-ओहोटी वेगळी समजवावी लागली नाही. बाईंनी रखमाबाईंच्या देखतच सर्जनना फोन लावला आणि सोमवार रद्द केला.

गोळी सुरू झाली. आठवड्यात कृतिकाचं पाऊल सरळ पडायला लागलं. महिन्याभरात ती जिने धावत उतरायला लागली, म्हणून स्वतःच्या आईची बोलणीही खायला लागली. रखमाबाईंना अर्धीच गोळी पुरली. आता रोज दिवेलागणीला त्या मासळीबाजारापर्यंत जातात आणि कोळणीशी मनसोक्त भांडतात. धोंडीबा मागून पिशवी घेऊन, हळू चाल, हळू चाल करत.

एका संध्याकाळी त्या भर रस्त्यात थांबल्या. पाय शाबूत होते. मनातलं बाहेर यायचं राहिलं होतं.

"तवा आयेसमोर मना आळशी का बोललंव तुमी?"

धोंडीबांनी पिशवी या हातातून त्या हातात घेतली.

"तुजं पाय मना दिसलं व्हतं गो," ते म्हणाले. "आजारी सून म्हायेरी धाडतान. आळशी सुनेला निसती बोलनी बसतान."