आपाचं मत

अमिरातीतल्या फुजैराच्या शवागारात मैमुनाबींनी मयत बाईला आंघोळ घालून कफन बांधलं, तशी तिची धाकटी बहीण जवळ आली. “खाला, आपाच्या बोटाला मतदानाची शाई होती असं सांगाल?” दोघी बहिणींच्या इवल्याशा बेटदेशातली पोटनिवडणूक एका मतावर अडली होती; मेलेल्या बाईनं मत दिलं म्हणून हरलेला उमेदवार भांडत होता. “मत द्यायचंय म्हणतच गेली ती. तिच्या पासपोर्टवर दुबईच्या वकिलातीत जाऊन मीच दिलं.” बोटावरची शाई झाकायला लावलेली चिकटपट्टी तिनं दाबली. “आता आपाचं बोट बघायला माणसं येतायत.” “तौबा! मी स्वतः नखं घासलीत, पोरी. बोट कोरं आहे, तूच बघ.” मैमुनाबींनी कफन उलगडलं. कापडावर जांभळा डाग फुटला होता. मयताच्या तर्जनीवरची शाई अजून ओली होती. बहिणीनं पट्टी ओढून काढली. तिचं बोट स्वच्छ होतं. मैमुनाबींनी ते धरलं. मघाशी धुतलेल्या मयताच्या हातासारखंच गार लागलं.